अभिजात अर्थशास्त्र

ॲडम स्मिथच्या वेल्थ ऑफ नेशन्स (१७७६) या ग्रंथापासून जॉन स्ट्यूअर्ट मिलच्या प्रिन्सिपल्स ऑफ पोलिटिकल इकॉनॉमी (१८४८) या ग्रंथापर्यंतच्या सु. पाऊणशे वर्षांत मुख्यतः ब्रिटनमध्ये विकसित झालेल्या आर्थिक विचारप्रणालीस अभिजात अर्थशास्त्र असे म्हणतात. स्मिथ, टॉमस रॉबर्ट मॅल्थस, डेव्हिड रिकार्डो, जेम्स मिल व त्याचा पुत्र जॉन स्ट्यूअर्ट मिल हे या पंथाचे प्रमुख विचारवंत होत. फ्रान्समधील झां बातीस्त से याचाही समावेश त्यांत केला जातो. ‘अभिजात’ हे विशेषण या पंथातील कोणी स्वतःस लावून घेतलेले नाही. ते प्रथम कार्ल मार्क्सने वापरले. इंग्लंडमध्ये विल्यम पेटीपासून रिकार्डोपर्यंतची विचारपरंपरा त्याला या संज्ञेने अभिप्रेत होती. पुढे जॉन मेनार्ड केन्सने १९३६ मध्ये ॲल्फ्रेड मार्शल व पिगू या कितीतरी नंतरच्या अर्थशास्त्रज्ञांनाही याच नावाखाली गोवल्यामुळे संज्ञेच्या अर्थाविषयी बराच घोटाळा झाला. प्रस्तुत नोंदीत ती स्मिथ ते मिल एवढ्या मर्यादित अर्थानेच योजिली आहे.

या पंथाच्या विचारांचा सारांश ‘निर्हस्तक्षेप व मुक्त व्यापार’ एवढ्या दोन शब्दांत देण्याची प्रथा आहे. परंतु ती अपुरी आहे. देशाचे वार्षिक उत्पादन जमीनमालक, भांडवलदार आणि श्रमिक या तीन वर्गांत अनुक्रमे खंड, नफा व वेतन या रूपाने कोणत्या नियमांनुसार विभागले जाते आणि त्या विभागणीचा देशाच्या आर्थिक वाढीवर काय परिणाम होतो, हा या पंथाचा मध्यवर्ती प्रश्न होता. त्यातही खंडाचा सिद्धांत हा सर्व विवेचनाचा कणा होय. हा सिद्धांत केवळ पुस्तकात राहिला नाही. तो मांडला गेल्यापासून पंधरा वर्षांच्या आत पुणे जिल्ह्यातील शेतकऱ्यांच्या सारा-आकारणीस तो लावण्यात आला. त्याचे विवेचन पुढे विस्ताराने केले आहे.

पार्श्वभूमी : सतराव्या व अठराव्या शतकांत यूरोपीय राष्ट्रांच्या आर्थिक धोरणावर व्यापारवादाचा पगडा होता. निर्यात वाढवावी, आयातीवर निर्बंध घालावेत आणि त्यायोगे सोन्याचांदीचा साठा वाढवावा, असे हे धोरण होते. सनदी कंपन्यांची मक्तेदारी, वसाहतींच्या व्यापारावरील बंधने व जकाती ही त्याची साधने होत. फ्रान्समध्ये फ्रांस्वा केने याच्या नेतृत्वाखालील फिझिओक्रॅट या नावाने ओळखल्या जाणाऱ्या विचारवंतांनी त्यास आव्हान दिले. संपत्तीचा उगम व्यापारात नसून उत्पादनात, विशेषतः शेतीत आहे आणि खर्च वजा जाता उरणारे निव्वळ उत्पन्न केवळ जमीनच देते, असे त्यांचे मत होते. केनेने आपल्या कोष्टकात (१७५८) समाजातील वर्गांमध्ये उत्पन्न कसे फिरते, ते दाखविले. स्मिथ १७६४ ते १७६६ या काळात एका तरुण उमरावाचा शिक्षक म्हणून फ्रान्समध्ये होता; तेव्हा त्याचा या मंडळींशी प्रत्यक्ष परिचय झाला. शेतीलाच उत्पादक मानणारे त्यांचे मत त्याने स्वीकारले नाही; तथापि निव्वळ उत्पन्नाची कल्पना इंग्रज विचारवंतांकडे आली ती याच मार्गाने.

ॲडम स्मिथ (१७२३–९०) : हा ग्लासगो विद्यापीठात नीतितत्त्वज्ञानाचा प्राध्यापक होता. त्याच्या ग्रंथाचा आरंभ टाचण्यांच्या एका लहानशा कारखान्याच्या प्रसिद्ध वर्णनाने होतो. तार ओढणे, सरळ करणे, तोडणे, टोक काढणे, डोके बसविणे अशी कामे दहा माणसांनी वाटून घेतली, तर दिवसाकाठी अठ्ठेचाळीस हजारांवर टाचण्या तयार होतात. म्हणजे माणशी चार हजार आठशे. एकेकट्याने सर्व कामे केली असती, तर वीस टाचण्याही झाल्या नसत्या. राष्ट्राची संपत्ती म्हणजे खजिन्यातील सोने नव्हे, तर त्याच्या श्रमाचे वार्षिक उत्पादन होय आणि ते वाढण्याचे मुख्य कारण श्रमविभागणी होय, हे स्मिथचे प्रतिपादन. श्रमविभागणी किती होऊ शकेल, हे बाजारपेठेच्या विस्तारावर अवलंबून असते. म्हणून बाजारपेठ संकुचित करणारे प्रत्येक बंधन संपत्तीच्या वाढीआड येते.

स्मिथ हा कारखानदारी युगाचा भाष्यकार होता, असे अनेकदा लिहिले जाते. वस्तुतः त्याचे जग हस्तव्यवसायाचे होते. ग्लासगो विद्यापीठात उपकरणे दुरुस्त करणारा जेम्स वॉट हा त्याचा परिचित. परंतु वॉटचे वाफेचे एंजिन उद्योगात चालू झाले, तेच मुळी स्मिथचा ग्रंथ प्रसिद्ध झाला त्या वर्षी.

वस्तूच्या मूल्यासंबंधी स्मिथने दोन वेगवेगळी उत्तरे दिली व त्यांचा मेळ घातला नाही. पाणी अत्यंत उपयुक्त असून स्वस्त आणि हिरा फारसा उपयोगाचा नसून महाग, यावरून उपयोगितामूल्य व विनिमयमूल्य या भिन्न गोष्टी ठरतात. जमीन कोणाच्या मालकीची नाही व भांडवल साचलेले नाही, अशा प्राथमिक समाजात वस्तूंचा विनिमय त्यांस लागलेल्या श्रमांच्या प्रमाणात होईल. शिकाऱ्यांच्या समाजात बीव्हर मारण्यास हरणाच्या दुप्पट श्रम पडत असतील, तर एका बीव्हरला दोन हरणे मिळतील. प्रगत समाजात मात्र किंमत ही वेतन, नफा व खंड यांच्या स्वाभाविक दरांची बेरीज असते. या बेरजेस त्याने नैसर्गिक किंमत म्हटले. बाजारातील किंमत मागणी-पुरवठ्यानुसार वरखाली होत असली, तरी स्पर्धेमुळे भांडवल व श्रम एका धंद्यातून दुसऱ्यात जातात आणि ती नैसर्गिक किमतीकडे ओढली जाते. हे उत्तर एका गृहीतकृत्यावर आधारलेले आहे : भांडवलाला व श्रमाला धंदा बदलण्याची मोकळीक असली पाहिजे. पुढील सर्व विवेचनात हे गृहीतकृत्य अध्याहृत असते.

स्मिथच्या ‘अदृश्य हाता’ची जेवढी ख्याती आहे, तेवढा विस्तार मूळ ग्रंथात नाही. तो शब्दप्रयोग वेल्थ ऑफ नेशन्समध्ये एकदाच, आणि तोही भांडवलदार स्वतःच्या सुरक्षिततेसाठी परदेशापेक्षा स्वदेशी उद्योगात भांडवल का गुंतवितो, या मुद्द्याच्या अनुषंगाने येतो. संरक्षण, न्यायदान आणि खासगी व्यक्तींना परवडणार नाहीत अशी सार्वजनिक कामे ही शासनाची कर्तव्ये त्याने मान्य केली होती. दिवसभर एकच क्षुद्र क्रिया करणाऱ्या कामगाराची बुद्धी मंदावते, म्हणून त्याच्या शिक्षणाकडे शासनाने लक्ष द्यावे, असेही त्याने सुचविले. व्यापाऱ्यांविषयी त्याला मुळीच भाबडा विश्वास नव्हता. एकाच धंद्यातील माणसे एकत्र आली, की भाव वाढविण्याचा कट करतात, हे त्याचे निरीक्षण. ईस्ट इंडिया कंपनी एकाच वेळी व्यापारी व राज्यकर्ती असल्याने ती दोन्ही कामे वाईट करते, असे त्याने स्पष्ट लिहिले. बंगालच्या १७७० च्या दुष्काळात अवर्षणाचे पर्यवसान उपासमारीत होण्यास कंपनीच्या नोकरांनी तांदळाच्या व्यापारावर घातलेली बंधने कदाचित कारणीभूत झाली असावीत, असे त्याचे अनुमान होते. कंपनीच्या मक्तेदारीवरील या टीकेतून पुढील शतकातील अधिकाऱ्यांनी धान्यव्यापारात सरकारने कधीच हात घालू नये, एवढाच बोध घेतला आणि १८७६–७८ च्या दुष्काळात दख्खनसह हिंदुस्थानभर त्याचाच अंमल केला.

मॅल्थस आणि लोकसंख्या : मॅल्थसचा (१७६६–१८३४) लोकसंख्येवरील निबंध १७९८ मध्ये निनावी प्रसिद्ध झाला. अडथळा नसल्यास लोकसंख्या दर पंचवीस वर्षांनी दुप्पट होत भूमितिश्रेणीने वाढते, तर अन्नोत्पादन फारतर गणितश्रेणीने वाढू शकते; हे अंतर दुष्काळ, रोगराई व दैन्य यांनी भरून निघते, असे त्याने प्रतिपादन केले. दुसऱ्या आवृत्तीत (१८०३) त्याने विवाह लांबणीवर टाकण्याच्या नैतिक संयमाचा तिसरा मार्ग जोडला. गणित व भूमितिश्रेणींचा आकडेशीर दावा त्याला सिद्ध करता आला नाही व ब्रिटनच्या पुढील इतिहासाने तो खोटा ठरविला. तथापि या निबंधामुळे अभिजात अर्थशास्त्राला वेतनाचा सिद्धांत मिळाला : वेतन निर्वाहापुरत्या पातळीच्या वर गेले, की मजुरांची संख्या वाढते व वेतन पुन्हा खाली येते. निर्वाहाची ही पातळी केवळ शारीरिक नसून रूढी व राहणीमान यांवर ठरते, ही रिकार्डोने घातलेली पुस्ती मात्र पुष्कळदा विसरली जाते.

मॅल्थस १८०५ पासून मृत्यूपर्यंत ईस्ट इंडिया कंपनीच्या महाविद्यालयात इतिहास व अर्थशास्त्र या विषयांचा प्राध्यापक होता. हे महाविद्यालय १८०९ पासून हेलीबरी येथे होते. हिंदुस्थानात जिल्हे चालविण्यासाठी निघालेल्या तरुणांच्या दोन पिढ्यांनी त्याच्याकडे अर्थशास्त्राचे धडे घेतले. ही बाब चरित्रातील एक तपशील म्हणून सांगितली जाते. महाराष्ट्राच्या दृष्टीने तिचे महत्त्व त्याहून पुष्कळ अधिक आहे.

रिकार्डो आणि खंडाचा सिद्धांत : डेव्हिड रिकार्डो (१७७२–१८२३) हा लंडनच्या रोखेबाजारात मोठी संपत्ती मिळविलेला दलाल. औपचारिक उच्चशिक्षण नसलेला हा गृहस्थ या पंथातील सर्वांत कठोर तर्कशास्त्री ठरला. नेपोलियनबरोबरच्या युद्धांच्या काळात ब्रिटनमध्ये धान्य महागले, निकस जमिनीही लागवडीखाली आल्या व खंड वाढले. युद्ध संपताच भाव उतरू लागले. जमीनमालकांचे वर्चस्व असलेल्या पार्लमेंटने १८१५ मध्ये कायदा करून गव्हाचा भाव क्वार्टरला ८० शिलिंग होईपर्यंत परदेशी गव्हाची आयात बंद केली. या वादाच्या ऐन भरात, त्याच वर्षी, मॅल्थस, एडवर्ड वेस्ट आणि रिकार्डो यांनी खंडाचे जवळजवळ एकच स्पष्टीकरण स्वतंत्र पुस्तिकांतून प्रसिद्ध केले. जेम्स अँडरसन या स्कॉटिश शेतीतज्ज्ञाने ते १७७७ मध्येच मांडले होते. त्याकडे तेव्हा कोणाचे लक्ष गेले नव्हते.

रिकार्डोच्या प्रिन्सिपल्स (१८१७) या ग्रंथातील उदाहरण असे : सारखेच भांडवल व श्रम खर्च केले असता पहिल्या प्रतीची जमीन १००, दुसरी ९० व तिसरी ८० क्वार्टर धान्य देते. लोकसंख्या थोडी असताना केवळ पहिल्या प्रतीची जमीन कसली जाते आणि ती मुबलक असल्याने तिच्याबद्दल कोणी काही देत नाही. मागणी वाढून दुसऱ्या प्रतीची जमीन कसणे भाग पडले, म्हणजे पहिलीवर १० क्वार्टर खंड निर्माण होतो. तिसरी लागवडीखाली आली, की पहिलीवर २० व दुसरीवर १० क्वार्टर खंड येतो. तिसरीवर खंड नाही. धान्याचा भाव या शेवटच्या, बिनखंडाच्या जमिनीवरील खर्चाने ठरतो. खंड भरावा लागतो म्हणून धान्य महाग होते, हा समज त्यामुळे उलटा आहे. धान्य महाग असते म्हणून खंड भरला जातो.

या निष्कर्षातून रिकार्डोची सर्व उपपत्ती उलगडते. लोकसंख्या वाढेल तशी शेती अधिकाधिक निकस जमिनीकडे सरकते, धान्याचा भाव वाढतो, निर्वाहासाठी मजुरांना अधिक पैसा द्यावा लागतो, नफा घटतो आणि वाढीचा सर्व लाभ खंडाच्या रूपाने जमीनमालकाकडे जातो. नफाच उरला नाही, की भांडवलसंचय थांबतो व समाज स्थिरावस्थेला पोहोचतो. त्यावरील उपाय म्हणजे धान्याची आयात खुली करणे. तुलनात्मक परिव्ययाचा त्याचा सुप्रसिद्ध सिद्धांत याच भूमिकेला पूरक आहे. पोर्तुगाल कापड ९० व मद्य ८० माणसांच्या श्रमात आणि इंग्लंड तेच अनुक्रमे १०० व १२० माणसांच्या श्रमात निर्माण करीत असले, म्हणजे दोन्ही वस्तू पोर्तुगालमध्ये स्वस्तात होत असल्या, तरी इंग्लंडने कापड व पोर्तुगालने मद्य तयार करून विनिमय करणे दोघांनाही लाभदायक ठरते. धान्यविषयक कायदे अखेर १८४६ मध्ये रद्द झाले. ते पाहण्यास रिकार्डो हयात नव्हता.

जमीनमालक काहीही न करता श्रीमंत होतो आणि त्याचा खंड भावात शिरत नाही, हे एकदा मान्य केले, की पुढचे पाऊल जवळजवळ अपरिहार्य होते : कर बसवावयाचा तर तो खंडावरच बसवावा. असा कर ग्राहकावर, मजुरावर किंवा भांडवलदारावर ढकलता येत नाही. रिकार्डोने स्वतः येथे सावधगिरीची सूचना दिली होती. व्यवहारात ज्याला खंड म्हणतात, त्यात जमिनीच्या सुधारणेसाठी घातलेल्या भांडवलावरील मोबदलाही मिसळलेला असतो. तो वेगळा काढता आला नाही, तर कराचा भार लागवडीवर पडेल. ही सूचना दख्खनमध्ये कामी आली नाही.

दख्खनमधील प्रयोग : रिकार्डोला ग्रंथ लिहिण्यास भाग पाडणारा त्याचा मित्र जेम्स मिल (१७७३–१८३६) १८१९ मध्ये ईस्ट इंडिया कंपनीच्या लंडन येथील कार्यालयात रुजू झाला व १८३० मध्ये तेथील पत्रव्यवहाराचा मुख्य परीक्षक बनला. हिंदुस्थानचा बृहद् इतिहास लिहिणाऱ्या या पंडिताने हिंदुस्थान कधीच पाहिला नाही. येथे जमिनीचा मालक सरकार असल्याने खंड सरकारचाच होय. तो घेतल्याने ना भाव वाढतो, ना नफा घटतो. तेव्हा यासारखा निर्दोष कर जगात दुसरा नाही, असे त्याचे मत होते.

पेशवाईचा अंत होऊन (१८१८) पुणे प्रांत कंपनीकडे आला, तेव्हा माउंटस्ट्यूअर्ट एल्फिन्स्टनने आरंभी जुनी वहिवाट शक्य तो कायम ठेवली. मराठी अमलातील आकारणी गावागणिक भिन्न होती. तनखा व कमाल यांचे जुने आकडे, मिरासदार व उपरी यांचे वेगळे हक्क, पाटील-कुलकर्ण्यांची मध्यस्थी आणि हंगामानुसार मिळणारी सूट यांचा तो गुंता होता. त्याची व्यवस्था लावण्यासाठी रॉबर्ट कीथ प्रिंगल या हेलीबरीत शिकलेल्या तरुण अधिकाऱ्याकडे भूमापनाचे काम सोपविण्यात आले. त्याचा अहवाल १८२८ चा आहे.

प्रिंगलचा युक्तिवाद स्वच्छ होता. एकूण उत्पन्नाचा ठराविक हिस्सा सारा म्हणून घेतला, तर तो निकस जमिनीवर अधिक जड जातो. समजा, एका शेतात दहा मण व दुसऱ्यात पाच मण धान्य पिकते आणि लागवडीचा खर्च दोहोंत चार-चार मण आहे. एकूण उत्पन्नाचा पाचवा हिस्सा घेतल्यास पहिल्याला दोन मण द्यावे लागून त्याच्यापाशी चार मण शिल्लक राहतात. दुसऱ्याला एकच मण द्यावा लागतो, पण त्याच्यापाशी काहीच उरत नाही. म्हणून सारा निव्वळ उत्पन्नावर, म्हणजेच रिकार्डोच्या अर्थाने खंडावर, बसविला पाहिजे. त्यानुसार शेतांची मोजणी झाली, मातीच्या प्रती ठरविल्या गेल्या, प्रत्येक प्रतीच्या जमिनीचे सरासरी पीक, बियाणे, बैल व मजुरी यांचा खर्च अंदाजला गेला आणि निव्वळ उत्पन्नाच्या शेकडा ५५ हा सरकारचा हिस्सा ठरला. समन्यायाचा एवढा विचार पूर्वीच्या कोणत्याही आकारणीत झाला नव्हता, हे प्रिंगलच्या बाजूने सांगितले पाहिजे.

तरीही ही व्यवस्था काही वर्षांतच कोसळली. सर्वांत वाईट स्थिती इंदापूर तालुक्याची झाली. पाऊस बेभरवशाचा, जमिनी बऱ्याच हलक्या व सारा रोखीने भरावयाचा. थकबाकी वाढत गेली, जमिनी ओस पडल्या आणि पुष्कळ कुणबी घरदार सोडून शेजारच्या संस्थानी मुलखात निघून गेले. वसुलीसाठी रयतेचा छळ झाल्याचे मुंबई सरकारच्या १८७२–७३ च्या प्रशासकीय अहवालात स्वच्छ शब्दांत नमूद आहे. अपयशाची कारणे एकाहून अधिक होती. मोजणीच्या आकड्यांत चुका होत्या, हाताखालच्या कारकुनांनी लाच घेऊन प्रती बदलल्या होत्या, आणि त्याच वर्षांत धान्याचे भाव मोठ्या प्रमाणात उतरले होते. यांपैकी शेवटचे कारण प्रिंगलच्या हातातील नव्हते.

परंतु मूळ दोष सिद्धांताच्या विनियोगात होता, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. रिकार्डोचा शेतकरी हा भांडवलदार होय. तो मजूर लावतो, त्यांचे वेतन देतो, भांडवलावरील नफा मोजतो आणि नफा मिळेनासा झाला, की भांडवल काढून दुसऱ्या धंद्यात घालतो. खंड म्हणजे ‘शिल्लक’, हे विधान या मोकळिकीमुळेच खरे ठरते, कारण मालकाने शिलकीहून अधिक मागितल्यास शेतकरी जमीन सोडून देईल. इंदापूरच्या कुणब्यापाशी हा पर्याय कोठे होता? तो व त्याची बायकामुले शेतावर राबत. त्यांची मजुरी कोणी चुकती करीत नसे. बैल स्वतःचा, किंवा सावकाराच्या कर्जातून घेतलेला. कागदावर मांडलेला ‘लागवडखर्च’ हा बाजारात ठरलेला आकडा नसून मामलेदार कचेरीतील अंदाज होता. तो कमी धरला गेला, की त्या प्रमाणात कुटुंबाच्या पोटातील घास ‘निव्वळ उत्पन्न’ या सदरात जाई. इंग्लंडमध्ये खंड मोजण्याची गरज नव्हती; स्पर्धा तो मोजीत असे. दख्खनमध्ये स्पर्धेच्या जागी एक कोष्टक बसविण्यात आले. शिवाय सिद्धांतानुसार सर्वांत निकस जमिनीवर खंड नसतोच. येथे मात्र लागवडीखालील हलक्या जमिनीवरही काही ना काही आकार बसला.

सरकारने प्रिंगलची पद्धत सोडून १८३५ मध्ये गोल्डस्मिड व लेफ्टनंट विंगेट यांच्याकडे इंदापूरचे काम दिले. त्यांनी निव्वळ उत्पन्न मोजण्याचा नाद सोडला. मातीचा रंग, खोली व दोष पाहून शेताची सापेक्ष प्रत आण्यांत ठरवावयाची, तालुक्याचा एकूण आकार मागील वसुलीचा अनुभव, भाव व बाजाराची जवळीक पाहून बेताने ठरवावयाचा आणि तो प्रतींनुसार शेतांवर वाटून तीस वर्षे कायम ठेवावयाचा, अशी त्यांची रीत होती. आकार उतरताच पडीक जमिनी पुन्हा लागवडीखाली येऊ लागल्या. ही पद्धत १८४० व १८४७ च्या संयुक्त अहवालांद्वारे पुढे मुंबई इलाख्यात सर्वत्र रूढ झाली. विंगेट तत्त्वतः खंडसिद्धांत मानणाराच होता. व्यवहारात मात्र त्याने सिद्धांतापेक्षा वसुलीच्या जुन्या दप्तरांवर अधिक भिस्त ठेवली, आणि म्हणूनच त्याची व्यवस्था टिकली. तीस वर्षांची मुदत संपल्यावर झालेल्या फेरआकारणीत अमेरिकन यादवी युद्धाच्या काळातील कापसाच्या तेजीने फुगलेले भाव हिशेबात धरले गेले व आकार बराच वाढला. भाव ओसरल्यावर कर्जाचा बोजा वाढला, आणि १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथून सावकारांविरुद्ध दंगे सुरू झाले. या दंग्यांना आकारवाढ कितपत कारणीभूत होती, हा तेव्हाही वादाचा विषय होता व अभ्यासकांत आजही आहे. जोतीराव फुले यांनी शेतकऱ्याचा असूड (१८८३) या ग्रंथात दर तीस वर्षांनी होणाऱ्या पैमाशीच्या वाढीवर कडक टीका केली आहे.

से, मॅल्थस व मिल : उत्पादन होत असतानाच तेवढ्याच मूल्याची मागणी निर्माण होते, त्यामुळे एखाद्या वस्तूचे अतिरिक्त उत्पादन झाले, तरी सर्वच वस्तूंचे होऊ शकत नाही, हा से याचा बाजारनियम (१८०३) रिकार्डोने स्वीकारला. मॅल्थसने तो अमान्य करून मागणीच्या तुटवड्याने सार्वत्रिक मंदी येऊ शकते, असे म्हटले. उभयतांतील पत्रव्यवहार हा मतभेद असूनही टिकलेल्या मैत्रीचा उत्तम नमुना आहे. त्या वेळी रिकार्डोचा जय झाला. १९३० नंतरच्या महामंदीत केन्सने मॅल्थसचे ऋण जाहीरपणे मान्य केले.

जॉन स्ट्यूअर्ट मिलने (१८०६–७३) १८२३ ते १८५८ अशी पस्तीस वर्षे कंपनीच्या कचेरीत नोकरी केली. उत्पादनाचे नियम निसर्गनियमांसारखे असले, तरी वाटपाचे नियम मानवनिर्मित असून समाजाला ते बदलता येतात, हा त्याने केलेला भेद पंथाच्या मूळ भूमिकेला बरीच मुरड घालणारा होता. स्थिरावस्थेची रिकार्डोला वाटणारी धास्तीही त्याला वाटली नाही. धावपळ संपलेला, पण संस्कृतीत वाढणारा समाज त्याला नकोसा नव्हता. मजुरीसाठी राखून ठेवलेला निधी ठराविक असल्याने संघटित होऊनही मजुरांना एकूण वेतन वाढविता येत नाही, हा वेतननिधी सिद्धांत त्याने १८६९ मध्ये सोडून दिला. १८७० नंतर जेव्हन्झ, मेंगर व व्हालरा यांच्या सीमांत उपयोगितेच्या विवेचनाने मूल्याचा प्रश्नच नव्या भाषेत मांडला गेला आणि वर्गांतील वाटप मागे पडले. रिकार्डोचे समग्र लेखन संपादित करणाऱ्या पिएरो स्राफाने १९६० मध्ये तो प्रश्न पुन्हा चर्चेत आणला.

भारतीय चिकित्सा : एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास अर्थशास्त्रावरील पुस्तके मराठीतही होऊ लागली. हरि केशवजी यांचे देशव्यवहारव्यवस्था (१८५४) व कृष्णशास्त्री चिपळूणकर यांचे अर्थशास्त्रपरिभाषा (१८५५) ही त्यांपैकी आरंभीची होत. महाविद्यालयांत मिलचा ग्रंथ प्रमाण मानला जाई. न्या. महादेव गोविंद रानडे यांनी १८९२ मध्ये पुण्याच्या डेक्कन कॉलेजात दिलेल्या व्याख्यानात या शास्त्राच्या गृहीतकृत्यांची एकेक करून तपासणी केली. केवळ स्वार्थाने प्रेरित होणारी व्यक्ती, पूर्ण स्पर्धा, कराराचे स्वातंत्र्य, भांडवल व श्रम यांची गतिशीलता ही कोणत्याही समाजात पूर्णांशाने आढळत नाहीत. भारतात तर करारापेक्षा जन्मसिद्ध दर्जा व स्पर्धेपेक्षा रूढी आणि शासन अधिक प्रभावी आहेत, असे त्यांनी दाखविले. फ्रीड्रिख लिस्ट व जर्मनीतील ऐतिहासिक पंथ यांचा त्यांनी आधार घेतला. तर्काने काढलेले निष्कर्ष ज्या गृहीतकृत्यांवर उभे आहेत, ती जेथे लागू नाहीत तेथे त्या निष्कर्षांना निसर्गनियमांची प्रतिष्ठा देऊन शासकीय धोरण ठरवू नये, हा त्यांचा मुख्य आक्षेप होता. उद्योगांना संरक्षण व शेतीला स्वस्त पतपुरवठा यांसाठी शासनाने पुढाकार घ्यावा, ही त्यांची मागणी त्यातूनच निघाली. रानडे यांनी स्मिथ किंवा रिकार्डो यांना त्याज्य ठरविले नाही. रिकार्डोच्या खंडसिद्धांतात चूक कोठे आहे, यापेक्षा जमिनीचे मालक सरकारच आहे, हे प्रमेय येथे कोणी व कशाच्या आधारे सिद्ध केले, याकडे त्यांच्या पिढीतील अभ्यासकांचे लक्ष अधिक होते. कारण ते प्रमेय मान्य नसेल, तर शेतकऱ्याकडून घेतला जातो तो खंड नसून कर ठरतो, आणि त्याच्या प्रमाणाला कराच्या मर्यादा लागू होतात.